असूया, हेवा, मत्सर : तिन्ही एकच कसे?

कोरांटी :

परवा लेकीचा मराठीचा अभ्यास घेत होते. सातवीत आहे. समानार्थी शब्द पाठ करायचे होते आणि तिच्या गाइडात एका ओळीत छापलं होतं, 'असूया - हेवा, मत्सर, द्वेष'. तिनं ते वहीत उतरवलं, पेन्सिल थांबली आणि म्हणाली, "आई, मावशी त्या दिवशी म्हणाली ना, तुझ्या केसांचा मला हेवा वाटतो. मग मावशी माझा द्वेष करते का?"

"छे गं, असं कसं होईल" म्हणून मी वेळ मारून नेली. पण तेव्हापासून प्रश्न डोक्यातून जात नाहीये. गाइड खरं मानलं तर मावशीनं कौतुक केलंच नाही, वैर जाहीर केलं.

मला जाणवतं ते असं. हेवा आपण तोंडावर बोलून दाखवतो. "काय हात आहे गं तुझा, हेवा वाटतो!" ऐकणारी सुखावते. मत्सर स्वतःचा कुणी कबूल करत नाही, दुसऱ्याचा मात्र सर्रास सांगतो. आणि असूया? बोलताना मी हा शब्द एकदाही वापरल्याचं आठवत नाही. फक्त वाचलाय, तोही बहुतेक वेळा 'असूयेपोटी' या एकाच रूपात. असूयेपोटी आरोप केले, असूयेपोटी काम अडवलं.

क्रियापदंही बघा. हेवा वाटतो. मत्सर वाटतो आणि करताही येतो. 'असूया करतो' मात्र कानाला खटकतं, ती मनात असते किंवा वाटते. शिवाय हेवा आणि मत्सर 'त्याचा', असूया 'त्याच्याविषयी'. बोलण्यात इतका फरक आपोआप पाळला जातो, तर अर्थ एकच कसा असेल? जाणकारांनी सांगावं. मला लेकीला नीट उत्तर द्यायचंय.

ओसरी :

कोरांटीताई, तुमचा कान बरोबर सांगतोय. मी आयुष्यभर संस्कृत शिकवलं, त्या आधारावर लिहितो.

अमरकोशात, म्हणजे संस्कृतच्या जुन्या शब्दकोशात, ओळ आहे, 'अक्षान्तिरीर्ष्याऽसूया तु दोषारोपो गुणेष्वपि'. दोन शब्द मुद्दाम शेजारी ठेवून फरक सांगितलाय. ईर्ष्या म्हणजे अक्षांती, दुसऱ्याचं चांगलं सहन न होणं. असूया म्हणजे गुणांवरही दोषाचा आरोप करणं. त्या 'अपि'त, म्हणजे 'ही'त, सगळं आलं. जिथे खरोखर दोष आहे तिथे तो दाखवणं ही असूया नव्हे. गुण समोर दिसत असतानाही त्याला दोष म्हणणं ही असूया.

पाणिनीचं सूत्र आहे, 'क्रुधद्रुहेर्ष्यासूयार्थानां यं प्रति कोपः' (१.४.३७). रागावणं, द्रोह करणं, ईर्ष्या आणि असूया या अर्थांच्या धातूंच्या बाबतीत ज्याच्यावर कोप असतो त्याची चतुर्थी विभक्ती होते. त्यावर काशिकावृत्तीनं, म्हणजे पाणिनीच्या सूत्रांवरच्या जुन्या टीकेनं, चौघांचे अर्थ वेगवेगळे दिलेत आणि असूयेचा दिला, 'गुणेषु दोषाविष्करणम्'. आविष्करण म्हणजे उघड करणं. नुसतं मनात जळून भागत नाही, ते बोलून दाखवलं जातं.

याच सूत्राखाली एक प्रत्युदाहरण, म्हणजे नियम कुठे लागत नाही ते दाखवणारं उदाहरण, येतं, 'भार्याम् ईर्ष्यति'. नवऱ्याला बायकोवरून ईर्ष्या वाटते, तिला दुसऱ्या कुणी पाहू नये म्हणून. इथे त्याचा कोप बायकोवर नाही, म्हणून चतुर्थी न होता द्वितीया. दुसऱ्याकडे आहे ते बघवत नाही ही एक भावना आणि आपल्याकडे आहे ते कुणी नेईल ही धास्ती दुसरी. दोन्हींना शब्द एकच, पण विभक्तीनं त्या वेगळ्या ठेवल्या. वर्गात हे शिकवताना मला दर वर्षी नव्यानं आनंद व्हायचा.

कोरांटी :

सर, तुमचं 'गुणेषु दोषाविष्करणम्' वाचलं आणि एक प्रसंग डोळ्यांपुढे उभा राहिला.

गेल्या दिवाळीत आमच्या मजल्यावर नव्यानं राहायला आलेल्या ताई डबा भरून चकल्या घेऊन आल्या. भाजणीच्या, सोऱ्यानं पाडलेल्या. प्रत्येकीचा काटा उभा, एकही मोडलेली नाही. तेव्हा आमच्याकडे बसलेल्या एका बाईंनी त्यातली एक उचलली. मोडताना कुडुम आवाज झाला. खाल्ली आणि म्हणाल्या, "छान आहेत, पण मोहन जरा जास्त झालंय का?" दुसरी घेतली. "तीळ काळपट दिसतायत." तिसरी खाता खाता, "नाही म्हणजे, फार दिवस टिकायच्या नाहीत." त्या ताई हसत आल्या होत्या, रिकामा डबा हातात धरून गप्प परत गेल्या.

मोहन मुळीच जास्त नव्हतं. जास्त असतं तर चकली तेलात सोडल्याबरोबर सुटली असती. काटा उभा राहतो याचाच अर्थ मोहन नेमकं पडलंय. त्यांनी गुणालाच दोष म्हटलं. मी तेव्हा घरात एवढंच बोलले होते, "जळतात त्या." नेमका शब्द आज मिळाला.

पऱ्हाटी :

आमच्या वऱ्हाडात ळ चा य होतो, त्यामुळे जळणं नाही, जयनं. "कायले जयतं त्याच्यावर?" हेवा, मत्सर, असूया, तिन्हींचं काम या एकाच शब्दावर भागतं. मत्सर फक्त कीर्तनात ऐकला. असूया पुस्तकातच भेटली. पण त्याच शब्दाची उलट बाजू आमच्या गावात घरोघर होती, त्याबद्दल खाली लिहितो, आधी बाकीच्यांचं येऊ द्या.

तिठा :

मालवणीत आम्ही डोळ्यांनी बोलतो. "तेका दुसऱ्याचा बरा झालेला बगवणा नाय." प्रमाण मराठीतही डोळ्यांचं किती आहे बघा. डोळ्यांत खुपणं, डोळ्यांत सलणं, पाण्यात पाहणं, नजर लागणं. मुंबईत आमच्या चाळीत शेजारी गुजराती कुटुंब होतं. त्यांच्याकडे याला शब्द 'अदेखाई'. न बघवणं हाच अर्थ.

भीमाकाठ :

तुमचा डोळा, आमचं पोट! सोलापुरात वाढलो, त्यामुळे कानडी आणि तेलुगू लहानपणापासून कानावर. कानडीत 'होट्टेकिच्चु' म्हणतात. होट्टे म्हणजे पोट, किच्चु म्हणजे आग. तेलुगूत 'कडुपु मंट', तीही पोटातली आगच. आणि मराठीत? "त्याची बढती झाली तर तुझ्या का पोटात दुखतंय?" पोटदुखी आहे, पोटशूळ उठणं आहे, आणि कोरांटीताईंनी सांगितलेलं 'असूयेपोटी' हेसुद्धा.

ओसरी :

भीमाकाठ, शेवटचं उदाहरण वगळा. 'पोटी' तिथे कारण दाखवणारं आहे. प्रेमापोटी, भीतीपोटी, आदरापोटी असंही आपण म्हणतो. पोटशूळ आणि पोटदुखी मात्र पक्की.

भीमाकाठ :

मान्य. ते घाईत लिहिलं.

तालीम :

ईर्ष्येकडे कुणी बघितलंच नाही. आमच्या कोल्हापूरकडे ती चांगल्या घरात नांदते. "पोरगं ईर्षेनं पेटलंय" म्हटलं की बाप खूश. ईर्षेनं जोर मारतो, ईर्षेनं मेहनत करतो. निवडणुकीच्या दुसऱ्या दिवशीचा पेपर उघडा, 'गावात चुरशीने आणि ईर्षेने मतदान' असं छापलेलं असतंच. तिथे कुणी कुणावर जळतंय असा अर्थ नाही. हरायचं नाही, मागं हटायचं नाही, एवढाच अर्थ.

माझा धाकटा भाऊ तालमीत थोरल्याच्या जोडीला सपाट्या, म्हणजे पैलवानी जोर, मारायचा. थोरल्यानं शंभर मारल्या की हा एकशे एकावर थांबायचा. घाम गळून हौद्यातल्या तांबड्या मातीवर ओला ठसा उठायचा. वस्ताद बघून म्हणायचे, "असली ईर्षा पायजे." त्यानं थोरल्याला कधी नाव ठेवलं नाही, नुसती गाठ घातली. सरांनी सांगितलेल्या असूयेच्या हे अगदी उलट्या टोकाला आहे. असूया वाटणारा स्वतः सपाट्या मारत नाही, दुसऱ्याच्या मोजण्यात चूक काढतो.

नारळीबाग :

तालीम, तुमचं वाचून अंगावर काटा आला, कारण मल्याळममध्ये हेच मत्सराच्या बाबतीत घडलंय. नोकरीनिमित्त कोचीला आले तेव्हा लिपी अक्षर अक्षर लावून वाचायला शिकत होते. एका शाळेच्या फाटकावर फलक होता, मी लावलं, 'चित्ररचना मत्सरम्'. मला कळेना, मुलांना चित्रं काढून मत्सर करायला कशाला सांगतायत? शेजारणीनं सांगितलं, मत्सरम् म्हणजे स्पर्धा. चित्रकलेची स्पर्धा, धावण्याची स्पर्धा, सगळं मत्सरम्. आणि जळण्याला तिथे शब्द आहे 'असूया'! लहान मुलंही भांडताना वापरतात. "तुला असूया आहे" असं पहिलीतलं पोर पहिलीतल्या पोराला म्हणतं. आपल्याकडे पुस्तकातून बाहेर न पडलेला शब्द तिथे अंगणात खेळतो.

एकाच संस्कृत घरातून निघालेल्या बहिणी, एकीला कुठलं सासर मिळालं, दुसरीला कुठलं. मराठीत ईर्ष्या चुरशीकडे झुकली, मल्याळममध्ये मत्सर.

ओसरी :

नारळीबाग, मत्सराचं माहेर तर याहून चकित करणारं आहे. ऋग्वेदात मत्सर हे सोमरसाचं विशेषण आहे. मद् धातूपासून आलेलं, मद आणणारा, उल्हासित करणारा. पुढे त्याच शब्दाला स्वार्थी, न साहणारा असे अर्थ चिकटले आणि षड्रिपूंत तो शेवटचा रिपू होऊन बसला. तुकोबांनी 'कोणाही जिवाचा न घडो मत्सर' म्हटलं तोवर सोमाचा वासही उरला नव्हता. तिथे मत्सर म्हणजे जिवाजिवांत भेद धरणारी दुष्ट बुद्धी.

वेशीवरचा :

सगळ्यांनी हेव्याला फार लवकर सोडून दिलंत. तो इतका सोज्वळ नाही.

आमच्या घरात आजोबा आणि त्यांचे चुलत भाऊ यांच्यात सामाईक विहिरीवरून चाळीस वर्षं बोलणं नव्हतं. पाण्याची पाळी कुणाची, याच्यावरून सुरू झालं. एकाचा ऊस उंच दिसला की दुसऱ्याला रात्रभर झोप नाही. पुढे बांध कोरणं, मग कोर्ट. गावातले लोक या सगळ्याला एकच शब्द वापरायचे, 'हेवेदावे'. आजही कुठल्याही संस्थेची फूट सांगायची असली की अंतर्गत हेवेदावे. तोच हेवा, फक्त दाव्याच्या जोडीला बसला. म्हणून 'हेवा गोड, मत्सर कडू' अशी वाटणी मला पटत नाही. एकटा असला आणि 'वाटतो' सोबत आला तर गोड. 'करतो' सोबत आला की बिघडलाच. "सारखा माझा हेवा करतो" हे वाक्य कुणी कौतुकानं म्हणेल का?

कोरांटी :

हे माझ्या ध्यानातच आलं नव्हतं. 'वाटणं' आणि 'करणं' यांत एवढं अंतर! वाटणं आपल्या हातात नसतं, करणं असतं.

ओसरी :

वेशीवरचा यांचं म्हणणं रास्त आहे. त्याला एक जोड देतो. आपट्यांच्या संस्कृत कोशात 'हेवाक' असा शब्द आहे, अर्थ उत्कट इच्छा, उत्सुकता. बिल्हणासारख्या उत्तरकालीन कवींनी वापरलेला. मराठी हेव्याच्या मुळाशी 'मलाही ते हवं' ही ओढ आहे असं धरलं तर दोन्ही रूपं उलगडतात. ओढ बोलून दाखवली तर ती दाद ठरते. ओढ भागली नाही आणि समोरचा बांधालगतच राहतो, तर दावा.

घुंगूर :

मी भरतनाट्यम शिकते. आमच्याकडे असूया पाठ करावीच लागते, कारण भरतमुनींनी सांगितलेल्या ३३ व्यभिचारी भावांत, म्हणजे मनात येऊन जाणाऱ्या भावांत, ती आहे. तिचा अभिनय कसा करायचा हेही नाट्यशास्त्रात दिलंय. चारचौघांत दोष बोलून दाखवणं, गुण हाणून पाडणं, भुवया आक्रसणं, मान खाली घालणं, तुच्छतेनं बघणं.

सुरुवातीला मी असूया म्हणून राग करायचे. डोळे वटारायचे. गुरूंनी थांबवलं. म्हणाल्या, रागात नजर समोरच्यावर रोखलेली राहते, असूयेत ती टिकत नाही. बघायचंय पण बघवत नाही. डोळा जातो, परत येतो, भुवई एकीकडे उचलली जाते, ओठाचा एक कोपरा खाली. मग आरशासमोर महिनाभर तेवढंच केलं. तिठा यांनी लिहिलेलं 'बगवणा नाय' वाचलं आणि वाटलं, गुरू हेच तर शिकवत होत्या.

उंबरठा :

मला या चर्चेचा वेगळा उपयोग दिसतो. मी अधूनमधून नाटकांवर लिहिते. एखादा प्रयोग फसला असं लिहिलं की पहिली प्रतिक्रिया ठरलेली, "तुम्हाला असूया वाटते", "पोटदुखी". त्यावर उत्तर देताच येत नाही, कारण मनातलं कुणी दाखवायचं कसं? सरांनी दिलेल्या व्याख्येनं मला आधार मिळाला. मनात काय आहे याच्याशी घेणं नाही. जे नाव ठेवलंय ते गुणाला ठेवलंय की दोषाला, ते रंगमंचावर जाऊन तपासा. दुसऱ्या अंकात प्रकाशयोजना चुकली होती की नव्हती? चुकली असेल तर माझ्या पोटात कितीही दुखत असलं तरी ती टीकाच.

म्हणूनच हा शब्द हेवा-मत्सराच्या गाठोड्यात बांधून टाकला तर मला वाईट वाटेल. टीका आणि असूया यांच्यामधली रेघ दाखवणारा दुसरा शब्द मराठीत नाही.

ओसरी :

उंबरठा, फार मोलाचं लिहिलंत. म्हणूनच जुन्या परंपरेत असूयेचा संबंध सतत शिकण्याशी जोडलेला दिसतो. यास्काच्या निरुक्तात, म्हणजे वैदिक शब्दांचे अर्थ उलगडणाऱ्या जुन्या ग्रंथात, विद्या स्वतः येऊन सांगते, 'मला असूयकाच्या हाती देऊ नकोस'. गीतेच्या नवव्या अध्यायात कृष्ण गुह्यतम, म्हणजे सर्वांत गुप्त ज्ञान, सांगायला बसतो तेव्हा अर्जुनासाठी एकच विशेषण वापरतो, 'अनसूयवे'. हुशार म्हणत नाही, शूर म्हणत नाही. चांगल्यात खोट काढायची सवय नाही, एवढी पात्रता पुरते. वर्गात मी हे पाहिलंय. जो मुलगा पहिल्या बाकावरच्याचं उत्तर ऐकून "त्यात काय मोठंसं" म्हणतो, त्याच्यापर्यंत ते उत्तर पोचलेलंच नसतं.

पऱ्हाटी :

आता माझं राहिलेलं. अनसूया म्हणजे अन् + असूया, जिच्या ठायी असूया नाही ती. अत्री ऋषींची पत्नी, दत्ताची आई. आमच्या भागातून माहूरला जाणं म्हणजे रेणुकामाता, दत्तशिखर आणि अनसूयेचं शिखर, तिन्ही करून यायचं. त्यामुळे गावात ज्या त्या घरात एक अनुसया. बोलताना असंच म्हणतात, अनुसया. लिहितानाही पुष्कळदा 'अनुसूया' होतं आणि मग नावातला अर्थच पुसला जातो.

माझ्या आजीचं नाव हेच. तिला अक्षरओळख नव्हती, नावाचा अर्थ कुणी सांगितला नव्हता. पण कापूस वेचायला बाया जायच्या तेव्हा संध्याकाळी वजन व्हायचं. दुसरीचा कापूस जास्त भरला की बाकीच्या म्हणायच्या, ओला असन, बोंडं टाकली असतीन. आजी तिचा हात हातात घ्यायची, बोटं उलटीसुलटी करून बघायची आणि म्हणायची, "दाखव माय, कशी येचतं तं." दुसऱ्या दिवशी तिच्याच ओळीला लागायची. बोंडाच्या कडांनी चिरलेली ती बोटं मला अजून दिसतात.

नारळीबाग :

पऱ्हाटी, डोळे भरून आले. आजीच्या त्या "दाखव माय"ला काय म्हणायचं? असूयेचा विरुद्धार्थी शब्द कुठला? अनसूया म्हटलं तर नुसता नकार झाला.

ओसरी :

योगसूत्रांत 'मुदिता' आहे (१.३३). पुण्यवंताकडे पाहून हर्ष वाटणं. योगसूत्रांचे टीकाकार वाचस्पती मिश्र यांनी स्पष्ट लिहिलंय की मुदितेनं मनातला असूयेचा मळ जातो. पण मुदिता मराठीत कुणी बोलणार नाही.

कोरांटी :

सर, आपल्याकडे 'कौतुक' आहे ना! मी पहिल्याच पोस्टमध्ये नकळत वापरलाय. गुण दिसल्यावर त्याला गुण म्हणणं, तेही बोलून. असूया जशी मनात ठेवून भागत नाही तसं कौतुकही भागत नाही, ते 'करावं' लागतं.

ओसरी :

वा! मला सुचायला हवं होतं. घ्या, हाच शब्द घ्या.

कोरांटी :

आज लेकीला घेऊन बसले आणि हा सगळा धागा वाचून दाखवला. चकलीचं ऐकून म्हणाली, "मला आठवतंय, मी पाच खाल्ल्या होत्या." मग गाइडातली ओळ खोडून वाक्यात उपयोग स्वतःच्या मनानं लिहिले. हेवा : मावशीला माझ्या केसांचा हेवा वाटतो. मत्सर : दुर्योधन पांडवांचा मत्सर करत होता. असूया : चकलीला काटा छान आला होता, पण असूयेमुळे बाईंनी तिला नाव ठेवलं. ईर्ष्येपाशी अडली. तालीम यांच्या भावाबद्दल लिहायचंय म्हणते, पण परीक्षेत चालेल का अशी शंका आहे.

तालीम :

चालेल की! लिहू दे. शंभराला एकशे एक.

ओसरी :

चालेल. फक्त 'ईर्ष्या' लिहिताना सुरुवातीची ई दीर्घ आणि ष ला य जोडलेला. 'ईर्षा'ही मराठीत रूढ आहे, पण परीक्षेत पहिलं रूप लिहिलेलं बरं.